थप्पड बसली आणि तुम्ही बंद केलंत

तुमची प्रतिक्रिया दोनदा वाचली. ‘हेरकथा म्हणून बसलो आणि मेहुण्याचा पाहुणचार बघावा लागला. थप्पड बसल्यावर बंद केलं. तुम्हाला यात ताण कुठे दिसला?’ रोखठोक प्रश्न आहे, म्हणून उत्तर जरा लांबेल.

‘स्पाय×फॅमिली’ या जपानी अ‍ॅनिमे मालिकेच्या 2022 मधल्या पहिल्या सीझनचा आठवा आणि नववा भाग, म्हणजे युरी बहिणीच्या, योरच्या घरी येतो ते जेवण. माझ्या मते ती पाहुणचाराची बैठक नाहीच, ती चौकशी आहे. फक्त टेबलावर वाइन आहे आणि आरोपी चहापाणी विचारतायत.

कोण कोणापासून काय लपवतंय ते बघा. योरचा नवरा लॉइड शत्रुराष्ट्राचा हेर. योर सुपारी घेऊन माणसं मारते. युरी घरी सांगतो परराष्ट्र खात्यात नोकरी, पण असतो गुप्त पोलिसांत. हे लग्नच खोटं आहे, आणि ते खरं ठरवायला समोर बसलाय बहिणीवर जीव टाकणारा भाऊ. गप्पांत परदेश दौऱ्याचा विषय निघतो आणि लॉइड त्याला तिथेच ओळखतो. चेहऱ्यावरची रेषही न हलवता! पुढे वाइन सांडते. पुसायला दोघांचे हात एकदम जातात, एकमेकांना लागतात आणि योर लाजून लाल. वर्षभर संसार केलेली बाई नवऱ्याचा हात लागला म्हणून लाजते? युरीची नजर तिथेच अडकते. आपण हसतो, पण त्या घराचं बिंग फुटायला तेवढा एक हात पुरला असता. या भागातले विनोद असेच, बिंग फुटता फुटता राहतं तिथले आहेत. ‘खरे नवरा-बायको असाल तर चुंबन घेऊन दाखवा’ ही युरीची मागणी आणि योरची ती थप्पड (जी शेवटी मध्ये पडलेल्या युरीलाच बसते) त्यातच आली.

आणि तुम्ही उठलात नेमके तिथे. दुसऱ्या दिवशी लॉइड बायकोच्या नकळत तिच्या कपड्यांना ऐकण्याचं यंत्र लावतो. भाऊ गुप्त पोलिसांत आहे हे हिला ठाऊक असेल तर? मग आपला खबऱ्या फ्रँकी याला घेऊन, स्वतःच गुप्त पोलिसाचं सोंग घेऊन तो तिला भररस्त्यात अडवतो आणि दरडावतो. तिला खरंच काही माहीत नसतं. त्याची खात्री पटते, ते यंत्र तो गुपचूप काढून घेतो. त्या दृश्यात मला हसू आलं नाही.

ही कथा काल्पनिक बर्लिंटमध्ये घडते, पण ते बर्लिन कुठलं ते उघड आहे. पूर्व जर्मनीच्या श्टाझीकडे, म्हणजे तिथल्या गुप्त पोलिसांकडे, 1989 मध्ये सुमारे 91 हजार पगारी माणसं होती, खबरे वेगळेच. 1992 मध्ये लोकांना आपापल्या फायली बघता आल्या, तेव्हा वेरा वोलेनबर्गर या कार्यकर्तीला कळलं की आपल्यावरची माहिती पुरवणारा ‘डोनाल्ड’ म्हणजे आपलाच नवरा. लॉइडच्या हातातलं ते चिमुकलं यंत्र बघताना मला ती फाइल आठवली. तुम्हाला हा माझा ओढूनताणून अर्थ वाटेल, वाटू दे.

युरीच्या बहीणवेडाबद्दल मात्र तुमचं शंभर टक्के बरोबर. मीही ते प्रसंग पुढे ढकलत बघतो.