बारा वर्षं कसली म्हणून सरकारी जमीन आपली होत नाही

‘सरकारविरुद्ध जमिनीची केस जिंकण्याचे पाच नियम’ हा मेसेज करवीर तालुक्यात घरोघरी फिरतोय. सातबाऱ्यावर नाव म्हणजे मालकी सिद्ध, बारा वर्षं कब्जा असेल तर गायरानही तुमचं, सरकारनं म्हणणं दिलं नाही तर निकाल तुमचा, दावा कधीही आणि नोटिशीशिवाय लावा, आणि काहीच जमलं नाही तर सर्किट बेंच, म्हणजे कोल्हापुरात बसणारं उच्च न्यायालयाचं खंडपीठ. आमच्या मामांनी तो छापून घेतलाय. वकिलाकडं चला म्हटलं तर म्हणतात, “कशाला? ह्यात सगळं दिलंय की!” मामांच्या हातात जमीन सरकारी ठरवणारा आदेश आहे आणि त्याविरुद्ध दावा लावायची मुदत चालली आहे, म्हणून हे लिहावं लागतंय.

बारा वर्षांची गोष्ट सगळ्यात घातक आहे. बारा वर्षं खाजगी मालकाविरुद्ध. सरकारविरुद्ध तीस. मुदत कायदा, 1963 मध्ये हा फरक सरळ लिहिलाय. बरं, तीस वर्षं नुसतं पेरलं-कापलं म्हणूनही भागत नाही. मालक म्हणून, उघडपणे, सरकारचा हक्क नाकारून कब्जा होता हे दाखवावं लागतं. लोक पुरावा म्हणून काय आणतात? अतिक्रमणाच्या दंडाच्या पावत्या आणि गाव नमुना 1-ई चा उतारा. अहो, 1-ई ही अतिक्रमणांचीच नोंदवही आहे! त्यात नाव असणं म्हणजे जमीन सरकारी असल्याचाच कागद आपण कोर्टापुढं ठेवणं. आणि ‘कब्ज्यानं मालक झालो’ म्हणताना मूळ मालक सरकार होतं हे आपणच मान्य करतो. ज्याच्याकडं आजोबांचं खरेदीखत आहे, त्यानं मेसेज वाचून दाव्यात हे लिहिलं तर तो स्वतःचाच मुद्दा कापतो.

सर्वोच्च न्यायालयाचा आर. हनुमय्या विरुद्ध कर्नाटक सरकार हा 2010 चा निकाल या मेसेजचे तीन नियम एकटा खोडतो. तो म्हणतो, सरकारविरुद्ध मालकीचा दावा खाजगी दाव्यासारखा नसतो. जी जमीन दुसऱ्या कुणाची नाही ती सरकारची, हे गृहीतक सरकारच्या बाजूनं असतं. कब्ज्याला तीस वर्षं लागतात. सरकारी वकील ढिला पडला तरी कोर्टानं वादीचा पुरावा नीट तपासूनच हुकूमनामा द्यायचा. आणि महसुली नोंदी कर्मचाऱ्यांना हाताशी धरूनही करून घेतल्या जातात, म्हणून ज्या नोंदीमागं सनद, खरेदीखत असा कागद किंवा अधिकाऱ्यानं कब्ज्याची केलेली पडताळणी आहे, तीच सरकारविरुद्ध चालते.

सातबाऱ्याबद्दल अर्धं खरं आहे, ते मान्य करतो. महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियमाच्या कलम 157 प्रमाणं नोंद खोटी ठरेपर्यंत खरी धरतात. पण खरी धरणं वेगळं आणि मालकी मिळणं वेगळं. नाव कोणत्या फेरफारानं लागलं, त्या फेरफाराला कोणता दस्त होता, हे मागं मागं जात दाखवावं लागतं. आपल्याकडं कोल्हापूर संस्थान 1949 साली विलीन झालं, त्यामुळं इनाम-वतनाच्या जमिनीचं मूळ त्याआधीच्या कागदात असतं, बरेचदा मोडीत. त्यासाठी कोल्हापूरच्या पुराभिलेखागारात जावं, मोडी वाचणारा गाठावा.

नोटिशीचं थोडक्यात. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 80 प्रमाणं दोन महिन्यांची नोटीस लागते. तातडी असेल तर कोर्टाची परवानगी घेऊन आधी दावा लावता येतो, पण ती मागावी लागते.

सर्किट बेंच ऑगस्ट 2025 पासून कोल्हापुरात बसतं, ही मोठी सोय झाली. पण मालकी वादग्रस्त असेल तर रिटमध्ये, म्हणजे उच्च न्यायालयात थेट केलेल्या अर्जात, साक्षीपुरावे घेऊन ती सहसा ठरवली जात नाही, दिवाणी कोर्टातच जा म्हणतात.

आणि ‘कधीही लावा’ लिहिणाऱ्याचा मला खरोखर संताप येतो. जमीन महसूल अधिनियमाच्या कलम 20 खाली जमीन सरकारी ठरवणारा आदेश झाला, की तो रद्द करून घेण्याचा दावा एका वर्षात लावावा लागतो. अपील केलं असेल तर वर्ष शेवटच्या अपिलाच्या आदेशापासून. उशीर झाला तर सरकारी वकिलानं मुदतीचा मुद्दा काढला नाही, तरी कोर्टाला दावा फेटाळावाच लागतो. मेसेज बाजूला ठेवा, आदेशावरची तारीख आजच बघा आणि मूळ कागद घेऊन दिवाणी वकिलाकडं जा.