स्थळे मोडण्याची भीती

ऑगस्ट २०२४ मध्ये बदलापूरच्या शाळेतील दोन चिमुकल्यांवरील अत्याचारानंतर लोक रेल्वे रुळांवर उतरले, तेव्हा मी मेलबर्नमध्ये बसून मराठी वाहिन्यांवरील चर्चा पाहत होते. ‘फाशी द्या’ या मागणीभोवतीच सारे बोलणे फिरत होते. तक्रार नोंदवण्यासाठी पोलीस ठाण्यात तासन्‌तास ताटकळलेल्या पालकांच्या सोबतीला कोण होते, हे मात्र कोणी विचारत नव्हते. मला ते खटकले, कारण माझ्या घराजवळच्या रिपनली भागातील कर्मठ ज्यू समाजाचे एक प्रकरण मी वर्षानुवर्षे वाचत आले आहे.

तिथल्या अडास इस्रायल शाळेची मुख्याध्यापिका माल्का लायफर हिच्याविरुद्ध २००८ मध्ये विद्यार्थिनींवरील लैंगिक अत्याचाराचे आरोप पुढे येताच ती रातोरात इस्रायलला निघून गेली, आणि तिच्या तिकिटाची सोय शाळेशी संबंधित मंडळींनीच केली. तिच्याविरुद्ध तक्रार करणाऱ्या डॅसी, निकोल आणि एली या तीन माजी विद्यार्थिनी बहिणींना तिला परत आणण्यासाठी जानेवारी २०२१ पर्यंत झगडावे लागले. इस्रायलमध्ये सत्तरहून अधिक सुनावण्या झाल्या. या मुली अशा वातावरणात वाढल्या होत्या, की आपल्याशी जे घडते आहे त्याला शब्दच त्यांच्याजवळ नव्हता.

‘मसिरा’, म्हणजे आपल्या माणसाला परक्या सत्तेच्या हवाली करणे, हे या समाजात पाप मानले जाते. राज्यकर्ते ज्यूंच्या जिवावर उठलेले असत, त्या काळात त्याला अर्थही होता. आज अनेक रब्बी, म्हणजे ज्यू धर्मगुरू, सांगतात, की मुलांवरील अत्याचाराला हा नियम लागू नाही. तरीही तोंडे उघडत नाहीत, कारण माझ्या मते खरी गाठ दुसरीच आहे: बोभाटा झाला तर धाकट्या भावंडांची स्थळे मोडतील. मराठी माणसाला हे समजावून सांगावे लागू नये. मुलांना लैंगिक अत्याचारापासून संरक्षण देणाऱ्या पॉक्सो कायद्याने २०१२ पासून अशा गुन्ह्याची माहिती दडवणे हाच गुन्हा ठरवला आहे, जातपंचायतींच्या बहिष्काराविरुद्ध महाराष्ट्राने वेगळा कायदाही केला आहे. पण शुक्रवारी संध्याकाळी शब्बाथच्या, म्हणजे ज्यूंच्या साप्ताहिक पवित्र दिवसाच्या, जेवणाला ज्या घरी नेहमी बोलावणे येई, तिथून ते येणे थांबले, तर कोणत्या कलमाखाली दाद मागायची? म्हणूनच पीडितेला समुपदेशकाइतकीच गरज असते ती तिच्याच समाजातील, उघडपणे तिच्या शेजारी बसणाऱ्या एखाद्या कुटुंबाची.

एप्रिल २०२३ मध्ये ज्यूरीने लायफरला अठरा आरोपांत दोषी धरले आणि पुढे तिला पंधरा वर्षांची शिक्षा झाली. ते सर्व आरोप डॅसी आणि एलीच्या संदर्भातील होते. निकोलशी संबंधित आरोपांतून ती सुटली. आपल्याकडच्या चर्चेत निकोल त्या दिवशीच खोटी ठरली असती. इथे न्यायालयाबाहेर कॅमेऱ्यांसमोर तिघी बहिणी एकत्रच उभ्या राहिल्या.