हुकुमचंद मिलचे कागद रद्दीत घालू नका

इंदूरच्या मराठी माणसाला शहराचा इतिहास विचारा. तो राजवाड्यापासून सुरू करतो, अहिल्याबाई, तुकोजीराव, सरदारांचे वाडे असं करत फार तर रामबागेपर्यंत येतो आणि थांबतो. मालवा मिल चौकापलीकडे, पाटनीपुरा, परदेशीपुरा, कुलकर्णी भट्टा, नंदानगर या कामगार वस्त्यांत, कापडाच्या मिलमध्ये पोट भरायला आलेला खानदेशी-वऱ्हाडी माणूस त्यात नसतोच. साधनं नाहीत ही सबब मला मान्य नाही. साधनं त्याच घरांतल्या पत्र्याच्या पेट्यांत आहेत, आणि नेमकी आत्ताच ती रद्दीत चालली आहेत.

आत्ताच का, ते सांगतो. मालवा, कल्याणमल आणि स्वदेशी या मिल 1974च्या कायद्याने सरकारी झाल्या. त्या बंद पडल्या तेव्हा कामगारांना स्वेच्छानिवृत्तीचा हिशेब तरी मिळाला. हुकुमचंद खासगी होती. 12 डिसेंबर 1991ला तिला टाळं लागलं, कंपनी अवसायनात (मालमत्ता विकून देणी भागवायच्या प्रक्रियेत) गेली आणि 5,895 कामगारांची देणी कोर्टात अडकली. 25 डिसेंबर 2023ला साधारण 224 कोटींचा चेक निघाला. आपला हिस्सा मिळवायला मुलांनी, सुनांनी, नातवंडांनी पेट्या उपसल्या: गेटपास, पगाराची चिठ्ठी, पीएफची पावती, ईएसआयचं कार्ड. पैसे खात्यात आले की त्या कागदांचं घरातलं काम संपतं. पुढच्या दिवाळीच्या साफसफाईत ते जातात.

त्या कागदांत काय असतं? टोकन नंबर (कामगाराचा मिलमधला क्रमांक), खातं (मिलमधला विभाग), पाळी, भरतीची तारीख, बापाचं नाव, कधी गावसुद्धा. यातला ‘खातं’ हा रकाना सोन्यासारखा आहे. जुन्या मागावर कांडी संपली की नवी कांडी धोट्यात (शटलमध्ये) बसवायची आणि सुताचं टोक धोट्याच्या भोकातून तोंडाने ओढून बाहेर काढायचं. तोच धोटा दुसऱ्या पाळीवाल्याच्याही तोंडाला लागायचा. म्हणून मुंबईच्या गिरण्यांत महार कामगाराला मागखात्यात घेत नसत, आणि पगार तर तिथेच चांगला असायचा. तो राहायचा रिंग-थ्रॉसलमध्ये, म्हणजे सूतकताईत. आपल्याकडच्या पन्नास-शंभर घरांचे पास एकत्र मांडले, खात्यासमोर जात आणि गाव लिहिलं, तर इंदूरच्या मिलमध्ये कोण कुठे उभं होतं हे भाषणं न करता दिसेल.

आता हे कागद वाचताना लोक कुठे ठेचकाळतात. पहिली अडचण आडनावाची. इथल्या दप्तरात ‘रामदास पिता नामदेव’ असं लिहायची पद्धत, आडनाव गायब. जिथे आहे तिथे हिंदी कारकुनाने इंगळेचं इंगले, सोनवणेचं सोनवने केलेलं. त्यामुळे नावावरून शोधू नका, टोकन नंबरावरून शोधा. दुसरी, जन्मतारीख. 1 जुलै किंवा 1 जानेवारी दिसली की ती अंदाजे टाकलेली समजा आणि वय भरतीच्या तारखेवरून काढा. तिसरी अडचण जातीच्या रकान्याची. आजोबा ‘महार’, बाप ‘बौद्ध’, नातू परत ‘महार’ असं एकाच घरात सापडतं. ही चूक नाही. 1956ला दीक्षा घेतली, पण बौद्धांना अनुसूचित जातीचा दर्जा मिळाला 1990ला. मधली 34 वर्षं दाखल्यावर काय लिहायचं हा पोटापाण्याचा प्रश्न होता. आणि जातीच्या दाखल्यासाठी 1950च्या आधीपासूनचं वास्तव्य दाखवावं लागतं, तेव्हा 1940च्या दशकातला आजोबांचा पास हा नुसता आठवणीचा कागद नाही, आजही पुरावा म्हणून उपयोगी पडू शकतो. निदान एवढ्यासाठी तरी ठेवा!

ठेवायचे कसे? लॅमिनेशन अजिबात नको. उष्णतेने शाई उडते आणि एकदा चिकटवलेलं प्लास्टिक परत निघत नाही. सेलोटेपही नको, काही वर्षांत पिवळा डाग पडून कागद तिथेच तुटतो. गंजलेल्या टाचण्या हळूच काढा. खिडकीजवळ दिवसाच्या उजेडात, फ्लॅश बंद करून, दोन्ही बाजूंचे फोटो घ्या. मागची बाजू कोरी वाटली तरी घ्या, उधारीचे हिशेब बहुधा तिथेच असतात. फाईलला नाव देताना मिल, साल, टोकन नंबर, एवढं पुरे. मूळ कागद सुती कापडात गुंडाळा. प्लास्टिकच्या पिशवीत पावसाळ्यात दमट होऊन बुरशी धरते.

कागद नसले तर माणसं आहेत, पण त्यांना ‘तेव्हाचं जीवन कसं होतं’ असं विचारू नका. उत्तर ठरलेलं येतं: भोंगा वाजायचा, सगळे गुण्यागोविंदाने राहायचे. विचारायचं असं: भरती करताना कोणत्या जॉबरने (कामगार भरणाऱ्या मुकादमाने) शब्द टाकला? त्याला काय द्यावं लागलं? बदलीवर (गैरहजर कामगाराच्या जागी) किती काळ काढला? पाणी कोण कुठून प्यायचं? लाल बावट्यात कम्युनिस्ट होमी दाजींबरोबर होता की काँग्रेसवाल्या द्रविडांच्या मजूर संघात? (या एका प्रश्नावर अजूनही दोन भाऊ भांडू शकतात.) नंदानगरातलं घर कुणाच्या नावावर मिळालं? आणि बायकांना वेगळं विचारा, नवरे समोर नसताना. वाइंडिंगला बायका होत्या, पण पोस्टरवर त्या कधी दिसत नाहीत.

झांक्यांचंही (गणपती विसर्जनाच्या मिरवणुकीतले फिरते देखावे) तेच. अनंत चतुर्दशीची झांकी म्हणजे धार्मिक देखावा, एवढंच आपण नोंदवतो. हुकुमचंद मिलने शंभरेक वर्षांपूर्वी ही प्रथा सुरू केली. आज मिल नाही, तरी कामगारांच्या समित्या वर्गणी आणि अनुदान जमवून झांक्या काढतात. बांबू-लोखंडाचा सांगाडा, मोटर, पट्टा, चाकं, आणि त्यावर हलणारा हनुमान: ही सगळी फिटर-सुताराची कला आहे, खात्यात मशीन दुरुस्त करता करता हातात बसलेली. गणपती मराठी माणसाचा खरा, पण त्या ट्रॉलीखाली घुसून बेअरिंगला ग्रीस घालणारा उत्तर प्रदेशचाही होता, माळव्याचाही. समित्यांकडे जुनी वर्गणीची पुस्तकं असतात. कुठल्या गल्लीतून किती आले ते त्यात लिहिलेलं असतं. यंदा वर्गणी द्यायला गेलात तर ती पुस्तकं बघायला मागा, फोटो काढू का असंही विचारा.