नुसतं सातबाऱ्यावर नाव आहे म्हणून पोलीस ताबा देत नाहीत

भावकीच्या भांडणात अडकलेल्यांना एक मेसेज हमखास पुढे येतो. मजकूर साधारण असा: ‘सातबाऱ्यावर नाव असेल तर दिवाणी कोर्टात वर्षं घालवू नका. थेट हायकोर्टात रिट टाका, पोलीस संरक्षण मिळतं आणि पोलीस उभे राहून ताबा देतात. त्यांना नाही म्हणताच येत नाही.’ वकिलाची फी भरण्याआधी हे एकदा तपासून घ्या.

‘थेट रिट टाका.’ रिट म्हणजे सरकारी यंत्रणेला आदेश द्या म्हणून हायकोर्टात केलेला अर्ज. राज्यघटनेच्या कलम २२६ खाली हायकोर्ट पोलिसांना आदेश देऊ शकतं, यात वाद नाही. पण जमीन कुणाची आणि कसतंय कोण, हाच वाद असेल तर तो रिटमध्ये सहसा सुटत नाही. त्याला साक्षीपुरावा आणि उलटतपासणी लागते. पी. आर. मुरलीधरन प्रकरणात सुप्रीम कोर्टाने २००६ मध्येच सांगितलंय की पोलीस संरक्षण मागण्याच्या आडून दिवाणी हक्क ठरवून घेता येणार नाहीत. म्हणजे हेलपाटा घालून पुन्हा तालुक्याच्या कोर्टातच यायचं.

‘सातबाऱ्यावर नाव असलं की झालं.’ सातबारा ही महसुली नोंद आहे. उलट पुरावा येईपर्यंत ती खरी धरतात, पण तिने मालकी मिळत नाही. त्यात वाटप झालेलं नसेल तर एका हिस्सेदाराचा ताबा तो सगळ्यांचाच समजतात, त्यामुळे सख्ख्या भावाविरुद्ध मनाई, म्हणजे जमिनीत येण्यापासून रोखणारा कोर्टाचा हुकूम, मिळणं अवघड. बहिणीचं नाव नोंदीत नाही म्हणून निर्धास्त राहणाऱ्यांनी मुलीला मुलाइतकाच हक्क देणारी हिंदू वारसा कायद्यातली २००५ ची दुरुस्ती आणि त्यावरचा विनीता शर्मा प्रकरणातला २०२० चा निकाल वकिलाकडून समजून घ्यावा. इथे खरा रस्ता वाटपाच्या दाव्याचा. तो लांबचा आहे, कबूल.

‘पोलीस उभे राहून ताबा देतात.’ देतात, पण कोर्टाच्या हुकमावर. ताबा तुमचाच असेल आणि कुणी हरकत करत असेल, तर दिवाणी कोर्टातून दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९ खाली मनाई घ्यायची. ती मोडली तर त्याच कोर्टात त्याच संहितेच्या कलम १५१ खाली पोलीस मदतीचा अर्ज, शिवाय आदेश ३९ च्या नियम २अ खाली कारवाई. त्यात मालमत्तेची जप्ती आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद होऊ शकते. आता बांधावर काय होतं बघा. फौजदार आधी हुकमाची सही-शिक्क्याची नक्कल मागतो. तीत नुसता गट नंबर असेल आणि गटात चार हिस्से असतील, तर दोन्ही बाजू ‘हाच माझा’ म्हणत हात करतात आणि बंदोबस्त जसा आला तसा परत जातो. दाव्यात चतुःसीमा आणि हात-नकाशा नीट घालण्याचा कंटाळा असा भोवतो. बंदोबस्ताचे पैसे भरावे लागू शकतात, ते वेगळंच.

‘नाही म्हणताच येत नाही.’ मालकी ठरवायला पोलीस नाही म्हणतात आणि ते बरोबरच आहे. पण कोयता उगारला, डोकं फोडलं, तर ‘हे दिवाणी आहे, कोर्टात जा’ म्हणून वाटेला लावणं चूक. दखलपात्र, म्हणजे पोलीस वॉरंटशिवाय अटक करू शकतात अशा, गुन्ह्याची माहिती मिळाली की गुन्हा नोंदवणं बंधनकारक आहे. सुप्रीम कोर्टाचा ललिता कुमारी निकाल, २०१३. बाईला सासरच्या घरातून बाहेर काढू पाहत असतील, तर कौटुंबिक हिंसाचार कायद्याच्या कलम १९ खाली मॅजिस्ट्रेट थेट ठाणे अंमलदाराला संरक्षणाचा आदेश देऊ शकतात. मेसेजमध्ये याचा उल्लेखही नाही.

आणि ज्यांचा ताबा जबरदस्तीने गेलाच आहे, त्यांच्यासाठी मुदती. शांतताभंगाची भीती असेल तर कार्यकारी दंडाधिकाऱ्यांपुढे भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं कलम १६४, म्हणजे जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेचं १४५. तिथे पोलिसांचा अहवाल वा इतर माहिती मिळण्याआधीच्या दोन महिन्यांत हुसकावलेल्याला ताबेदार धरता येतं. विशिष्ट अनुतोष कायद्याच्या कलम ६ खाली, मालकी सिद्ध न करताही, ताबा परत मागता येतो. पण दावा ताबा गेल्यापासून सहा महिन्यांच्या आत दाखल व्हायला हवा.