त्रुफोपलीकडचा लेओ

फ्रेंच नट झ्याँ-पिएर लेओबद्दल एक मजकूर बराच फिरतो आहे. दिग्दर्शक फ्रान्स्वा त्रुफोच्या १९५९ च्या ‘फोर हंड्रेड ब्लोज’मधला मुलगा, म्हणजे लेओ, अभिनय करतच नव्हता, होता तसाच पडद्यावर आला, पुढे तो त्रुफोची सावली होऊन राहिला, आणि १९८४ मध्ये त्रुफो गेला तेव्हा त्याचीही कारकीर्द आटोपली, असा त्याचा सूर. यातलं एकही विधान टिकत नाही, आणि एवढ्या मोठ्या नटाची अशी बोळवण झालेली बघून वाईट वाटतं.

‘होता तसाच’ म्हणणाऱ्यांनी त्या चित्रपटातला मानसतज्ज्ञ बाईंचा प्रसंग पुन्हा बघावा. बाई दिसत नाहीत, फक्त प्रश्न ऐकू येतात. लेओला संवाद लिहून दिलेले नव्हते. १४ वर्षांचा तो खाली बघतो, हाताशी चाळा करतो. खरं सांगितलं तरी आईवडील विश्वास ठेवत नाहीत, मग खोटंच बोललेलं बरं, असं सरळ सांगून टाकतो. मुलीबद्दलच्या प्रश्नावर त्याला हसू फुटतं. पण तो जे सांगतो ते आयुष्य त्याच्या पात्राचं, आंत्वानचं आहे, आणि त्यात बरंचसं त्रुफोचं. लेओची आई अभिनेत्री होती, वडील पटकथालेखक. दुसऱ्याचं बालपण आयत्या वेळी स्वतःच्या तोंडून बोलणं, याला अभिनय नाही तर काय म्हणायचं? उलट त्रुफोच्या मनातला आंत्वान जास्त बुजरा होता. त्याला धीटपणा दिला तो लेओने.

सावलीचं म्हणाल, तर १९६६ मध्ये बर्लिन चित्रपट महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचं रौप्य अस्वल त्याला मिळालं ते गोदारच्या ‘मास्क्युलँ फेमिनँ’साठी. स्कोलिमोव्स्की, पाझोलिनी, रिव्हेत, बेर्तोलुची या सगळ्या दिग्दर्शकांनी त्याला घेतलं. पण माझ्या मते त्याचं सर्वात मोठं काम झ्याँ युस्ताशच्या १९७३ च्या ‘द मदर अँड द होअर’मध्ये आहे. साडेतीन तासांहून लांब, कृष्णधवल चित्रपट. कॅफेत, खोलीत, गादीवर लोळत त्याचा अलेक्सांद्र बोलतो, बोलतच राहतो. ऐकताना वाटतं, हे त्याला आत्ता सुचतंय. प्रत्यक्षात युस्ताशने शब्दही इकडचा तिकडे करू दिला नव्हता. उत्स्फूर्त वाटणारं पण पाठ केलेलं इतकं बोलणं पेलायला कसलेलाच नट लागतो.

आणि १९८४ नंतर? १९९० मध्ये फिनलंडचा दिग्दर्शक कौरिस्माकीने त्याला लंडनमधला कारकून केलं: नोकरी गेलेला, आत्महत्याही न जमलेला आणि अखेर स्वतःलाच मारायला मारेकरी नेमणारा. आसायासच्या १९९६ च्या ‘इर्मा व्हेप’मध्ये तो खचलेला दिग्दर्शक झाला. २००१ मध्ये तैवानच्या त्साई मिंग-लियांगच्या चित्रपटात तैपेईतला घड्याळविक्या घरी ‘फोर हंड्रेड ब्लोज’ बघतो, आणि तिकडे पॅरिसच्या दफनभूमीत बाकावर म्हातारा लेओ बसलेला असतो. २०१६ मध्ये तो आल्बेर सेर्राच्या चित्रपटात पाय सडून मरणारा फ्रान्सचा राजा चौदावा लुई होता. भलामोठा केसांचा टोप घालून जवळजवळ पूर्ण वेळ पलंगावर, हाताशी फक्त चेहरा आणि श्वास. त्याच वर्षी कान चित्रपट महोत्सवाने त्याला मानद पाल्म द’ऑर हा पुरस्कार दिला. आणि पुढच्या वर्षी, सत्तरी ओलांडलेली असताना, तो जपानी दिग्दर्शक नोबुहिरो सुवाच्या चित्रपटात लहान मुलांबरोबर काम करत होता.