पटवर्धनांनी कॅमेरा घरात नेला, त्यावरून तलावपाळीवर जुंपली

ठाण्यात गडकरी रंगायतनसमोरच्या कठड्यावर रविवारी आमचं चांगलंच वाजलं. विषय आनंद पटवर्धनांचा २०२३चा माहितीपट, 'वसुधैव कुटुंबकम'.

अभय म्हणाला, "अयोध्येच्या वादावर 'राम के नाम' काढणारा माणूस आता घरचा अल्बम दाखवतोय. आई, वडील, काका. यात राजकारण कुठे आलं?"

"काका कोण ते बघ ना!" संजीवनी उसळली. "अच्युतराव पटवर्धन बेचाळीसच्या 'चले जाव'मध्ये भूमिगत होते. आईचे वडील भाई प्रताप, फाळणीनंतर सिंधी निर्वासितांसाठी कच्छात गांधीधाम वसवणारे."

"तेच म्हणतोय. असे नातेवाईक असले की घरची गोष्ट देशाची होते. माझे आजोबा वागळे इस्टेटला लेथवर उभे राहिले. त्यांच्यावर कोण काढणार?"

अभयचा मुद्दा खोटा नाही. पण पटवर्धन स्वतः चित्रात आले ते घरातून नव्हे, फुटपाथवरून, असं माझं म्हणणं. १९८५चा 'हमारा शहर' आठवा. झोपड्या तोडल्यात आणि एक बाई थेट कॅमेरा धरणाऱ्यांवरच भडकते. गरिबांचे फोटो काढून तुम्ही नाव कमावणार, आमचं काय करणार, असा तिचा रोख. एडिटिंगला बसल्यावर तो तुकडा उडवणं किती सोपं होतं! त्यांनी ठेवला. स्वतःवरचा आरोप स्वतःच्याच फिल्ममध्ये ठेवणं, माझ्या लेखी इथे राजकारण आणि माणूस एक होतात.

त्याच फिल्ममध्ये शाहीर विलास घोगरे गातात. ११ जुलै १९९७ला घाटकोपरच्या रमाबाई नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली, लोक रस्त्यावर उतरले, पोलिसांनी गोळ्या झाडल्या, १० माणसं गेली. चार दिवसांनी घोगरेंनी गळफास घेतला, डोक्याला निळं फडकं बांधून. आपण ठाण्याहून हायवेने मुंबईला जातो तेव्हा ती वस्ती वाटेतच लागते. त्या मृत्यूपासून पटवर्धनांनी सुरू केलेल्या 'जय भीम कॉम्रेड' या माहितीपटाला १४ वर्षं लागली. नुसता विषय हाताशी आहे म्हणून कोणी एवढं थांबत नाही. ओळखीचा, आपल्या फिल्ममध्ये गायलेला माणूस गेला होता.

"मग घोगरेंच्या घरच्यांचं काय?" इतका वेळ गप्प असलेला मिलिंद म्हणाला. "पटवर्धनांना आई-वडील म्हातारे होताना टिपता आले. शाहिराला म्हातारपणच मिळालं नाही."

कोणी लगेच बोललं नाही. मग उल्हासनगरचा हरीश म्हणाला, "मी आजीला भाई प्रतापांबद्दल सांगितलं. सिंधचं नाव काढलं तरी जी विषय बदलायची, ती दोन तास बोलली. कराचीतलं घर, किल्ली कोणाकडे दिली, सगळं. मी मोबाइलवर रेकॉर्ड केलंय."

अभय नरमला नाही. "आजीचं रेकॉर्डिंग मोबाइलात राहील. त्यांचं जगभर फिरेल."

"म्हणून त्यांनी आईला शूट करायचं नाही का?" संजीवनी.

"करावं. पण ती सगळ्यांची गोष्ट आहे असं मला सांगू नका."

शेवटी मिलिंदने त्याच्या चाळीत पडदा लावायचं ठरवलं. कुठली फिल्म, यावर पुन्हा वाद. मी 'हमारा शहर' सुचवली, अभयलाही ती चालली. फक्त फिल्म संपल्यावर बोलायला आधी चाळीतल्या बायकांना उभं करायचं, आपण मागे बसायचं, ही त्याची अट.