चार्ल्सटनच्या हिरव्या मातीवरचा हिशेब

बायकांच्या टेनिसमधल्या पैशांचा विषय निघाला की एक वाक्य हमखास कानावर पडतं. "पुरुष पाच सेट खेळतात, बायका तीनच. मग पैसे सारखे कशाला?" घरी, ऑफिसात, टेनिस नेमाने बघणाऱ्या मंडळींकडूनसुद्धा. चार्ल्सटन ओपनने बक्षिसाची रक्कम पुरुषांच्या बरोबरीला आणायचं जाहीर केलं, तेव्हाही हेच ऐकलं. म्हणून आज सविस्तर लिहिते आहे. लांबलचक होईल, पण विषय तसाच आहे.

आधी त्या पाच सेटचं बघू. पुरुष पाचपैकी तीन सेटचे सामने खेळतात ते वर्षातल्या चार ग्रँड स्लॅम स्पर्धांत. इंडियन वेल्स, रोम, माद्रिद, बार्सिलोना, सगळीकडे पुरुषसुद्धा तीनपैकी दोन सेटच खेळतात. आता एप्रिल महिना घ्या. अमेरिकेत साउथ कॅरोलिनातल्या चार्ल्सटनला बायकांची ५०० गुणांची स्पर्धा होते (म्हणजे विजेतीला क्रमवारीचे ५०० गुण मिळतात), मातीवर. त्याच महिन्यात बार्सिलोनात पुरुषांची ५०० गुणांची स्पर्धा होते, तीही मातीवर. गुण तेवढेच, सेट तेवढेच, जिंकायला लागणारे दिवसही साधारण तेवढेच. आणि २०२५ साली चार्ल्सटनची एकूण बक्षीस रक्कम होती साधारण साडेदहा लाख डॉलर. बार्सिलोनाची त्याच्या दुपटीहून जास्त. हा फरक कुठल्या सेटमधून आला, ते मला कुणीतरी समजावून सांगावं. आणि गंमत अशी की जिथे पुरुष खरोखर पाच सेट खेळतात, त्या चारही ग्रँड स्लॅममध्ये बक्षिसं २००७ पासून सारखी आहेत. जिथे सेट सारखे, तिथे पैसे वेगळे.

२०२५ मध्ये चार्ल्सटनने जाहीर केलं की २०२६ पासून आपण हा फरक ठेवणार नाही. रक्कम एकदम २५ लाख डॉलरवर. बायकांच्या स्वतंत्र ५०० दर्जाच्या स्पर्धांमध्ये असं पहिलं पाऊल याच स्पर्धेने टाकलं, याचं मला मुळीच आश्चर्य वाटलं नाही. या स्पर्धेचा इतिहासच तसा आहे.

१९७० साली लॉस एंजेलिसच्या एका स्पर्धेत पुरुष विजेत्याला साडेबारा हजार डॉलर आणि विजेतीला दीड हजार, असा भाव होता. त्याविरुद्ध नऊ जणी उभ्या राहिल्या. बिली जीन किंग, रोझी कॅझल्स, नॅन्सी रिची आणि इतर सहा जणी. टेनिस मासिकाच्या प्रकाशक ग्लॅडिस हेल्डमन यांच्याबरोबर त्यांनी एकेका डॉलरचा करार केला आणि ह्यूस्टनला स्वतःची वेगळी स्पर्धा खेळल्या. टेनिस संघटनेने बंदीची धमकी दिली होती, तरी खेळल्या. त्यानंतर तीन वर्षांनी, १९७३ मध्ये, साउथ कॅरोलिनातल्या हिल्टन हेड या बेटावर ही मातीवरची स्पर्धा सुरू झाली. पैसा कुणी दिला? 'फॅमिली सर्कल' नावाच्या मासिकाने. पाककृती, शिवणकाम, घर, मुलंबाळं असे विषय असणारं, अमेरिकेत वाणसामानाच्या दुकानातल्या काउंटरवर विकलं जाणारं बायकांचं मासिक. त्या मासिकाने एक लाख डॉलरची स्पर्धा भरवली. विजेतीला ३० हजार. सामने एनबीसी या अमेरिकी वाहिनीवर दाखवले गेले. अंतिम सामन्यात समोरासमोर होत्या रोझी कॅझल्स आणि नॅन्सी रिची, दोघीही त्या नऊ जणींतल्या. पाच फूट दोन इंच उंचीची रोझी जिंकली.

मला हा तपशील फार मोलाचा वाटतो. बायकांच्या खेळाला पैसा मिळत नाही, बाजार नाही, असं म्हणणाऱ्यांना हे सांगायला हवं की १९७३ साली गृहिणींच्या मासिकाला तो बाजार दिसला होता. त्या मासिकाचं नाव पुढे चाळीसहून जास्त वर्षं या स्पर्धेला होतं. पुरस्कर्ते नंतर बदलले, स्पर्धा २००१ मध्ये हिल्टन हेडहून चार्ल्सटनच्या डॅनियल आयलंडवर गेली, पण ती बायकांचीच राहिली. पुरुषांची स्पर्धा शेजारी जोडून घ्यावी लागली नाही.

आता त्या मातीबद्दल. पॅरिसची लाल माती सगळ्यांना माहीत आहे, ती म्हणजे विटांची भुकटी. चार्ल्सटनची माती हिरवट राखाडी आहे. व्हर्जिनियातल्या ब्लू रिज डोंगरांतला दगड दळून ती बनवतात, हार-ट्रू म्हणतात तिला. लाल मातीपेक्षा ती थोडी जलद. चेंडू उसळतो, पण लाल मातीवर जसा थबकून वर येतो तसा नाही, जरा सरकत पुढे येतो. त्यामुळे नुसतं मागे उभं राहून चेंडू परत करत बसणाऱ्या खेळाडूला इथे पुरेसा वेळ मिळत नाही आणि नुसती ताकद लावणारीलाही दोनचार फटके जास्त मारावे लागतात. टीव्हीवर बघताना माझं लक्ष हमखास पायांकडे जातं. फोरहँडसाठी उजवीकडे धावत जाऊन खेळाडू शेवटचं पाऊल टाकते ते घसरतच, चेंडू मारून होईपर्यंत पाय सरकत असतो, आणि परत मधे यायला तिला त्याच पायावर सगळं वजन तोलून मागे ढकलावं लागतं. ते जमलं नाही तर पुढचा चेंडू गेलाच. पहिला सेट संपेपर्यंत पांढरे मोजे घोट्यापर्यंत राखाडी होतात. सर्व्हिसला जाताना रॅकेटच्या कडेने बुटाचे तळवे ठोकून माती पाडायची, हे इतक्या सवयीने चाललेलं असतं की खेळाडूला आपण ते करतोय याचं भानही नसावं. ज्यांनी आपल्याकडच्या जिमखान्यात मातीच्या कोर्टवर, सकाळी पाणी मारून रोलर फिरवल्यावर, ताज्या आखलेल्या रेषांवर खेळायला सुरुवात केली, त्यांना हे सगळं बघताना हातात रॅकेट घ्यावीशी वाटते. मला वाटते.

या मातीवर ख्रिस एव्हर्टने आठ वेळा विजेतेपद मिळवलं. १९७३ ते १९७९ या काळात तिने मातीवर सलग १२५ सामने जिंकले होते, त्यातले कितीतरी इथले. आणि १९८६ मध्ये याच स्पर्धेच्या अंतिम सामन्यात तिला हरवून सोळा वर्षांच्या स्टेफी ग्राफने आपलं पहिलं व्यावसायिक विजेतेपद घेतलं. पुढे नवरातिलोवा, सबातिनी, हिंगिस, जस्टिन एनाँ, व्हीनस, सेरेना. सेरेनाने २०१२ चा अंतिम सामना ६-०, ६-१ असा जिंकला होता, तो मला आजही मातीवरच्या तिच्या सर्वात निर्दयी सामन्यांपैकी एक वाटतो.

इथल्या दुसऱ्या क्रमांकाच्या कोर्टला अल्थिया गिब्सनचं नाव आहे. अल्थियाचा जन्म याच राज्यातला, सिल्व्हर नावाच्या गावातला, कापसाच्या शेतांच्या मुलखातला, १९२७ चा. ग्रँड स्लॅम जिंकणारी पहिली कृष्णवर्णीय खेळाडू तीच, आणि ते विजेतेपद पॅरिसच्या मातीवरचं, १९५६ चं. ज्या राज्यात काळ्या माणसाला गोऱ्यांबरोबर बसमध्ये बसायची मुभा नव्हती, त्या राज्यात आज तिच्या नावाच्या कोर्टवर जगभरच्या मुली खेळतात. हे नाव तिथे असायलाच हवं होतं.

आपल्यासाठी मात्र चार्ल्सटनची तारीख आहे १२ एप्रिल २०१५. त्या दिवशी सानिया मिर्झा आणि मार्टिना हिंगिसने दुहेरीचा अंतिम सामना ६-०, ६-४ असा जिंकला आणि सानिया जागतिक क्रमवारीत पहिल्या क्रमांकावर गेली. तिथे पोचलेली पहिली भारतीय महिला. जोडी जमून दोन महिनेही झाले नव्हते. इंडियन वेल्स, मायामी आणि चार्ल्सटन, पहिल्या तिन्ही स्पर्धा त्यांनी जिंकल्या. सानियाचा फोरहँड आणि नेटजवळ हिंगिसचा हात, एवढं सोपं वाटायचं ते बघताना. आणि हिंगिसने याच स्पर्धेचं एकेरीचं विजेतेपद १९९७ मध्ये, वयाच्या सोळाव्या वर्षी घेतलं होतं. सानियाने तर दुहेरी इथे २०११ मध्येही जिंकली होती, एलेना व्हेस्निनाबरोबर. मनगटावर, गुडघ्यांवर शस्त्रक्रिया झाल्यावर एकेरी सोडावी लागलेली ही मुलगी दुहेरीत जगात पहिली आली, ती बायकांच्या स्वतंत्र स्पर्धेत. मध्यवर्ती कोर्टवर, भरल्या स्टँडसमोर. जिथे पुरुषांचे सामनेही असतात अशा मोठ्या स्पर्धेत महिला दुहेरीला कुठलं कोर्ट मिळतं, किती प्रेक्षक असतात, कॅमेरे किती असतात, हे टेनिस बघणाऱ्या कुणालाही विचारा.

म्हणूनच पॅरिसचं बोलायला हवं. फ्रेंच ओपनने २०२१ पासून रात्रीचं सत्र सुरू केलं. एका रात्री एकच सामना. २०२५ पर्यंतच्या पाच वर्षांत तिथे बायकांचे सामने झाले चार. २०२४ मध्ये एकही नाही, २०२५ मध्येही नाही. स्पर्धेच्या संचालक अमेली मोरेस्मो स्वतः एकेकाळच्या पहिल्या क्रमांकाच्या खेळाडू, तरीही कारण दिलं गेलं ते सामन्याच्या लांबीचं. रात्रीच्या तिकिटात प्रेक्षकाला पुरेसा वेळ खेळ मिळायला हवा म्हणे. त्याच २०२५ मध्ये कोको गॉफ आणि आर्यना सबालेंका यांचा अंतिम सामना अडीच तासांहून जास्त चालला. आणि पुरुषांचा सामना तीन सरळ सेटमध्ये दीड तासात आटोपला, तर त्या रात्रीच्या तिकिटाचं काय? तो प्रश्न कुणी विचारत नाही. ट्युनिशियाच्या ओन्स जाबेरने हे जाहीरपणे बोलून दाखवलं, बरं केलं. २०२३ ची चार्ल्सटनची विजेती तीच. चार्ल्सटनला संध्याकाळच्या सत्रात बायकाच खेळतात, आणि लोक दिवे लागल्यावर तिकीट काढून बघायला येतात.

आणि काय काय बघायला मिळालंय त्यांना! २०२४ मध्ये डॅनियल कॉलिन्स आली ती मायामी जिंकून, हे आपलं शेवटचं वर्ष असं आधीच जाहीर करून. संधिवात आणि एन्डोमेट्रिओसिस (गर्भाशयाच्या अस्तराचा, पाळीत तीव्र वेदना देणारा आजार) या दोन्ही दुखण्यांबद्दल ती उघडपणे बोलत आलेली. दर महिन्याच्या त्या वेदनेसकट व्यावसायिक टेनिस म्हणजे काय, हे तिच्या आधी किती जणींनी मायक्रोफोनसमोर सांगितलं होतं? इथे अंतिम सामन्यात तिने कसात्किनाला ६-२, ६-१ ने हरवलं. पुढच्या वर्षी अंतिम सामन्यात जेसिका पेगुला दुसऱ्या सेटमध्ये १-५ मागे असताना तिथून ७-५ ने जिंकली.

आता पैशाकडे परत येते, कारण माझा खरा राग तिथे आहे. डब्ल्यूटीएने, म्हणजे बायकांच्या व्यावसायिक टेनिसच्या संघटनेने, बरोबरीसाठी वेळापत्रक जाहीर केलेलं आहे. पुरुषांबरोबर एकत्र होणाऱ्या मोठ्या स्पर्धांना मुदत २०२७. बायकांच्या स्वतंत्र स्पर्धांना २०३३. म्हणजे जी स्पर्धा बायकांनी स्वतःच्या जिवावर उभी केली, तिने सर्वात शेवटी थांबायचं. आज बावीस-तेवीस वर्षांची जी खेळाडू आहे, तिची कारकीर्द २०३३ पर्यंत उताराला लागलेली असेल. तिच्या वाट्याचे पैसे तिला कोण देणार?

चार्ल्सटनचे मालक बेन नवारो हे गडगंज आहेत आणि त्यांची मुलगी एमा ही स्वतः पहिल्या दहांत पोचलेली खेळाडू आहे. त्यामुळे त्यांना हे परवडलं, असं म्हणता येईल. परवडलं हे खरंच आहे, आणि एका श्रीमंत बापाच्या इच्छेवर खेळातली समानता अवलंबून असू नये हेही मला पटतं. पण मग डब्ल्यूटीएने बाकीच्या स्पर्धांना तेवढा वेळ देऊ नये, एवढाच त्याचा अर्थ निघतो. आणि हे पैसे फक्त विजेतीचे नसतात. पहिल्या फेरीत हरणाऱ्या मुलीच्या वाट्याचा चेकही त्यातूनच मोठा होतो. प्रशिक्षक, फिजिओ, विमानाचं तिकीट, हॉटेल, सगळं तिलाच भरायचं असतं. क्रमवारीत शंभराच्या पलीकडे असलेल्या मुलीला एका आठवड्याचा चेक म्हणजे पुढच्या महिन्याचा प्रवास.

हे आपल्या मुलींना तर फारच लागू आहे. आपली ऋतुजा भोसले रोहन बोपण्णाबरोबर हांगझोच्या आशियाई स्पर्धेत सुवर्ण जिंकून आली, तेव्हा सगळ्यांनी फोटो टाकले. त्याच्या आधीची आणि नंतरची कितीतरी वर्षं ती छोट्या स्पर्धांमधून खेळत राहिली, जिथे बक्षिसाची रक्कम प्रवासखर्चालाही जेमतेम पुरते. अशा मुलींना घरच्या मैदानावर मोठ्या परदेशी खेळाडूंशी खेळायला मिळावं, यासाठी मुंबईत क्रिकेट क्लब ऑफ इंडियावर (सीसीआय) बायकांची स्पर्धा २०१७ मध्ये झाली. हार्ड कोर्टवरची. ती कोण जिंकलं होतं आठवतं? आर्यना सबालेंका. तेव्हा ती एकोणीस वर्षांची होती आणि तिचं नाव फारसं कुणाला ठाऊक नव्हतं. २०१८ मध्ये स्पर्धा पुन्हा झाली आणि मग थेट २०२४ मध्ये. मधली ती वर्षं ज्या मुली सतरा-अठरा वर्षांच्या होत्या, त्यांना वाइल्ड कार्ड, म्हणजे क्रमवारी नसतानाही आयोजकांकडून थेट प्रवेश, मिळून त्या दर्जाचा एक सामना मुंबईत खेळता आला असता. तो मिळाला नाही.

मुंबईतल्या मोठ्या कंपन्यांनी, पुण्यातल्याही, हे मनावर घ्यावं. दोन वर्षं करून बंद नको. दहा-पंधरा वर्षं सलग, तारखा ठरलेल्या, बक्षीस दरवर्षी थोडं वाढतं. शाळेच्या मुलींना पहिल्या फेरीचे सामने फुकट बघू द्या. दुहेरीचे सामने मुख्य कोर्टवर लावा, बाजूच्या कोर्टवर नको. आणि जमलं तर एखादी स्पर्धा मातीवर घ्या, आपल्या जुन्या जिमखान्यांना मातीची कोर्टं सांभाळायला तेवढंच निमित्त मिळेल.

चार्ल्सटनची स्पर्धा एप्रिलच्या सुरुवातीला असते. तिथल्या दिवसाचे सामने आपल्याकडे रात्री जेवणं उरकायच्या सुमारास सुरू होतात, अंतिम सामना रविवारी रात्री उशिरा. घरात मुलगी असेल तर तिला शेजारी बसवा, दुसऱ्या दिवशी शाळा असली तरी एक सेट बघू द्या.